कार्डाला कार्ड भेटतं तेव्हा

जिनिव्हातल्या प्लास द नव्ह या चौकात, ऑपेराला जवळजवळ खेटून, दर्शनी खांबांची एक ठेंगणी इमारत आहे. राट संग्रहालय. राट आडनावाच्या दोन बहिणींनी दिलेल्या पैशातून १८२६ साली ती चित्रांसाठी उभी राहिली. १९१४च्या ऑक्टोबरात चित्रांची सद्दी संपली आणि दालनांमध्ये टेबलं लागली. टेबलांवर पेट्या, पेट्यांमध्ये उभी लावलेली कार्डं आणि कार्डांपुढे बसलेली जिनिव्हाची माणसं. त्यांत बहुतेक बायका होत्या, आणि त्यांतल्या कित्येकींनी आयुष्यात कधी कचेरीची पायरी चढलेली नव्हती. ऐन भरात एका वेळी बाराशे माणसं तिथे राबत होती. काम आटोपलं तेव्हा कार्डांची संख्या ६० ते ७० लाखांच्या घरात गेली होती.

या खटाटोपाचं नाव आंतरराष्ट्रीय युद्धकैदी एजन्सी. रेड क्रॉसच्या आंतरराष्ट्रीय समितीनं महायुद्धाला तोंड फुटल्यावर तीन-चार आठवड्यांतच, ऑगस्ट १९१४ मध्ये, ती सुरू केली. त्याआधी १८७०च्या फ्रान्स-प्रशिया युद्धात बाझलला आणि बाल्कन युद्धांच्या वेळी बेलग्रेडला अशा एजन्सी निघाल्या होत्या, पण त्या तात्पुरत्या. आज जिनिव्हात तिचा वारस आहे तो मध्यवर्ती शोध एजन्सी या नावानं. युद्धात सापडलेल्या सामान्य माणसांसाठी जगानं जे काही उभं केलं, त्यात मला ही संस्था सगळ्यात जास्त विचार करायला लावते. तिच्याकडे बंदूक नाही, न्यायालय नाही, धान्याची गोदामंही नाहीत. माणसाचं नाव लिहून ठेवायचं आणि ते नाव विचारत येणाऱ्याची वाट बघायची, एवढाच तिचा धंदा.

यंत्रणा ऐकायला सोपी आहे. कार्डं दोन प्रकारची. समजा लिल गावच्या एका आईचं पत्र आलं की मुलाचा ठावठिकाणा नाही. तिच्या पत्रावरून मुलाच्या नावाचं एक कार्ड बनायचं, ते चौकशीचं. दुसरीकडून, ज्या सरकारनं माणसं पकडली ते सरकार याद्या पाठवायचं. यादीतल्या प्रत्येक नावाचं एक कार्ड, ते माहितीचं. दोन्ही कार्डं एकाच वर्णानुक्रमात, एकाच पेटीत. कार्ड लावणारीच्या बोटांना एके दिवशी जाणवायचं की याच नावाचं, याच जन्मतारखेचं कार्ड इथे आधीच बसलंय. जुळणी झाली. मग आईला पत्र जायचं.

सोपं ते इथवरच. फ्रेंच पेट्यांमध्ये मार्तँ आडनावाची माणसं हजारोंनी. नुसतं 'पाटील, कोल्हापूर' एवढ्यावर माणूस शोधायला सांगितलं तर आपल्या पोस्टमनचं जे होईल तेच तिथे व्हायचं. म्हणून मग बापाचं नाव, आईचं माहेरचं नाव, जन्मगाव, पलटणीचा क्रमांक. जर्मन कारकुनानं कानावर पडलं तसं लिहिलेलं फ्रेंच नाव, रशियन लिपीतून फ्रेंचमध्ये आणलेलं पोलिश नाव, घाईत सात आकड्याचा झालेला एक. एका माणसाची चार कार्डं चार पेट्यांत पडून राहू शकत, आणि घरी मात्र उत्तर जाई की माहिती उपलब्ध नाही. कार्ड लावणाऱ्या बायकांचं खरं कसब वाचण्यात नव्हतं. हे नाव ऐकणाऱ्याच्या कानात कसं बिघडलं असेल, याचा अंदाज त्या बांधत. एटिएन क्लूझो नावाचा एक पुराभिलेखतज्ज्ञ या कामात होता आणि मार्गरीट क्रामेर ही इतिहास आणि कायदा शिकलेली तरुणी होती. पुढे १९१८ मध्ये ती समितीची पहिली स्त्री सदस्य झाली.

आता मुद्द्याची गोष्ट. ही सगळी यंत्रणा सैनिकांसाठी होती. १९०७च्या हेग नियमांत युद्धकैद्यांसाठी चौकशी कचेऱ्या उघडायची सक्ती होती. पकडल्या गेलेल्या नागरिकांबद्दल चकार शब्द नव्हता. युद्धात साधा माणूस पकडला जाईल ही कल्पनाच कुणी केली नसावी. आणि १९१४च्या ऑगस्टमध्ये नेमकं तेच झालं. फ्रान्समध्ये राहणारे जर्मन, जर्मनीतले फ्रेंच आणि इंग्रज, हॉटेलांतले वाढपी, गव्हर्नेस, व्यापारी, विद्यार्थी, एका रात्रीत 'शत्रुदेशाचे नागरिक' झाले आणि छावण्यांत गेले. बेल्जियम आणि उत्तर फ्रान्स जर्मनांच्या ताब्यात गेल्यावर तिथून गावंच्या गावं उचलली गेली. एजन्सीकडे या लोकांच्या घरच्यांची पत्रं येऊ लागली, आणि अधिकार नाही म्हणून ती बाजूला पडू लागली.

समितीत फ्रेडरिक फेरिएर नावाचे डॉक्टर होते. वय पासष्ट, तरुणपणी १८७०च्या युद्धात जखमींवर उपचार केलेले. ही बाजूला पडलेली पत्रं त्यांनी उचलली. अधिकारपत्र कुणी दिलं नव्हतं, जागा नव्हती. सुरुवातीला नातेवाईक आणि मित्रमंडळी हाताशी धरून त्यांनी घरच्या घरी उत्तरं पाठवायला सुरुवात केली. सैनिकांची कामं इतकी तुंबलेली असताना हे नसतं लचांड कशाला, असं म्हणणारे सहकारी होतेच. पण कामाचा पसारा वाढत गेला आणि एजन्सीत 'नागरिक विभाग' हे रीतसर खातं झालं. आज आपण ज्याला नागरिकांचं संरक्षण म्हणतो, त्याच्या एका मोठ्या भागाचा उगम या नियमबाह्य खात्यात आहे. फेरिएर १९२४ मध्ये वारले. त्यांचं नाव अगदी रेड क्रॉसवाल्यांनाही चटकन आठवत नाही, याचं मला वाईट वाटतं.

त्या खात्यात रोज काही तास येऊन पत्रांना उत्तरं लिहिणारा एक स्वयंसेवक मराठी वाचकांच्या परिचयाचा आहे. गांधीजींचं, रामकृष्ण आणि विवेकानंदांचं चरित्र लिहिणारे रोमाँ रोलाँ. युद्ध सुरू झालं तेव्हा ते स्वित्झर्लंडमध्ये होते, आणि १९१४च्या ऑक्टोबरपासून पुढच्या उन्हाळ्यापर्यंत त्यांनी नागरिक विभागात कारकुनी केली. नोबेल मिळाल्यावर त्यातला वाटा एजन्सीला दिला. युद्धविरोधी लेखांमुळे फ्रान्समध्ये देशद्रोही ठरलेला हा लेखक, दुपारी मात्र कुण्या अनोळखी बाईला तुमचे वडील अमक्या छावणीत सुखरूप आहेत एवढंच लिहीत बसायचा.

या नागरिक कैद्यांची एक वस्ती आपल्याकडे होती. नगर म्हटलं की आपल्याला १९४२चा किल्ला आणि त्यातले नेहरू आठवतात. त्याच्या पाव शतक आधी, पहिल्या महायुद्धात, हिंदुस्थानातले जर्मन आणि ऑस्ट्रियन इंग्रजांनी नगरच्या छावणीत आणून ठेवले. त्यांत मुंबई-कलकत्त्याच्या पेढ्यांवरचे व्यापारी होते, मिशनरी होते. बायका-मुलांची सोय बेळगावला केली होती. १९१७च्या सुरुवातीला जिनिव्हाहून थॉर्मेयर, शॉख आणि डॉ. ब्लांशो असे तीन स्विस प्रतिनिधी आले, हिंदुस्थान आणि ब्रह्मदेशातल्या छावण्या बघून गेले आणि त्यांनी छापील अहवाल दिला. दुसऱ्या महायुद्धात हाच प्रकार पुन्हा झाला. नगर, देवळाली, सातारा, पुरंदर. पुढे तिबेटात पोचलेला गिर्यारोहक हाइनरिश हारर आधी नगर-देवळालीच्या तारांच्या आतच होता.

कार्डाची मर्यादाही आपल्याच माणसांच्या बाबतीत दिसते. एप्रिल १९१६ मध्ये मेसोपोटेमियातल्या कूट इथे जे ब्रिटिश-हिंदी सैन्य तुर्कांना शरण गेलं, ते सहावं पुणे डिव्हिजन. त्यात १०३, ११० आणि ११७ क्रमांकाच्या मराठा पलटणी होत्या. पश्चिम आघाडीवरच्या कैद्यांच्या याद्या जिनिव्हाला जशा येत, तशा तुर्कस्तानातून येत नसत. येत त्या तुटपुंज्या. यादी नाही म्हणजे कार्ड नाही, आणि कार्ड नाही म्हणजे साताऱ्या-रत्नागिरीकडच्या घरात बातमी नाही. पकडणाऱ्याला माणसं मोजायची इच्छा असेल तरच हे यंत्र चालतं.

पुढच्या महायुद्धात ही अट जिवावर बेतली. १९३४ मध्ये टोकियोच्या रेड क्रॉस परिषदेत शत्रुदेशाच्या नागरिकांना संरक्षण देणारा एक मसुदा मंजूर झाला होता. तो करार म्हणून पक्का करायला १९४०च्या सुरुवातीला राजनैतिक परिषद भरायची होती. युद्ध आधी आलं, परिषद भरलीच नाही. त्यामुळे दुसऱ्या महायुद्धात नागरिकांच्या डोक्यावर सैनिकांइतकंही कायद्याचं छत्र नव्हतं.

एजन्सी मात्र पूर्वीपेक्षा कितीतरी मोठी झाली. आयबीएम कंपनीनं भोकं पाडलेली कार्डं चाळणारी यंत्रं दिली. कार्डं आता बोटांऐवजी विजेवर चाळली जाऊ लागली. टपाल बंद पडलेल्या देशांमधल्या कुटुंबांसाठी 'नागरी संदेश' निघाला. त्याची तालीम स्पेनच्या यादवी युद्धात झाली होती. एक छापील फॉर्म, त्यावर फक्त २५ शब्द, तेही कौटुंबिक. पाकीट नाही, चिठ्ठी उघडी. सेन्सॉरनं वाचायचीच हे गृहीत. उत्तर त्याच कागदाच्या पाठीवर. हिशेब करून बघा. आम्ही बरे आहोत, आजी मार्चमध्ये गेली, बाळ चालायला लागलं, घर पडलं, मामाकडे राहतो, काळजी नको. पंधरा शब्द झाले, दहाच उरले. असे दोन कोटींहून जास्त संदेश त्या युद्धात इकडून तिकडे गेले.

पण नाझी छळछावण्यांतली माणसं या हिशेबात नव्हती. जर्मनी युद्धकैद्यांच्या याद्या देत होता, पण ज्यूंच्या आणि इतर छळछावण्यांतल्या कैद्यांच्या देत नव्हता. जिनिव्हाला हे समजत नव्हतं असं नाही. १४ ऑक्टोबर १९४२ रोजी समितीची बैठक झाली, समोर एका जाहीर आवाहनाचा मसुदा होता. बहुतेक सदस्य तो काढावा या मताचे होते. राट संग्रहालयात कार्डं लावलेल्या मार्गरीट क्रामेर (आता फ्रिक-क्रामेर) त्यांतल्याच. त्या वर्षी स्विस राष्ट्राध्यक्ष असलेले फिलिप एटर आणि कार्ल बुर्कहार्ट विरोधात बोलले. बोललो तर युद्धकैद्यांपर्यंतची वाटही बंद होईल, स्वित्झर्लंडही अडचणीत येईल, असा सूर होता. आवाहन फायलीत गेलं. हे आपल्या इतिहासातलं सगळ्यात मोठं अपयश, असं समितीनंच पुढे जाहीरपणे मान्य केलं. १९१४ मध्ये अधिकार नसताना फेरिएरनी पत्रं उचलली होती, आणि १९४२ मध्ये आहे ती वाटही बंद होईल या भीतीनं त्याच संस्थेनं तोंड मिटलं. दोन्ही वेळा नियम तोच होता. मला तरी यात कायद्याचा कमी आणि माणसांचा प्रश्न जास्त दिसतो.

त्याच काळातली एक युक्ती मात्र सांगायलाच हवी. १९४३ पासून छळछावण्यांत अन्नाची पार्सलं पाठवायला परवानगी मिळाली. अट अशी की कैद्याचं नाव आणि छावणी माहीत हवी. जिनिव्हाकडे अशी नावं मोजकीच होती. पार्सलासोबत पोचपावती जायची. ती सही होऊन परत आली तेव्हा तीवर एकाच्या जागी कित्येक सह्या होत्या. कैद्यांनी पावतीवर आपल्या सोबत्यांचीही नावं घुसवली होती. पुढच्या खेपेला त्या नावांनी पार्सलं गेली, त्यांच्या पावत्यांवर आणखी नावं आली. अशी यादी वाढत हजारोंवर गेली. सरकारनं जी यादी दिली नाही, ती कैद्यांनी बिस्किटांच्या पावत्यांवर लिहून धाडली. ज्यांना छावणीत पोचल्याबरोबर मारलं जाई, त्यांच्यासाठी अर्थातच या युक्तीचा काही उपयोग नव्हता.

१२ ऑगस्ट १९४९ रोजी चौथा जिनिव्हा करार झाला आणि नागरिकांना पहिल्यांदा स्वतःचा असा करार मिळाला. कलमं तशी १५९ आहेत. बाकीची बाजूला ठेवून कार्डाशी नातं असलेली तेवढी बघण्यासारखी आहेत. घरच्यांना निव्वळ कौटुंबिक खुशाली कळवण्याचा हक्क, आणि टपाल अडलं तर पंचवीस शब्दांचा फॉर्म : कलम २५. तो आकडा युद्धातून थेट करारात आला. विखुरलेल्या कुटुंबांच्या शोधाला वाट देणं : कलम २६. स्थानबद्धाला छावणीत आल्यापासून आठवड्याच्या आत घरी आणि जिनिव्हाला कार्ड पाठवू देणं : कलम १०६. प्रत्येक सरकारनं माहिती कचेरी उघडणं आणि त्या सगळ्यांच्या वर एक मध्यवर्ती एजन्सी. बारा वर्षांखालच्या मुलांच्या गळ्यात ओळखीचा बिल्ला असावा असंही एक कलम आहे. भारतानं हे करार १९५० मध्ये स्वीकारले, १९६० मध्ये त्यांचा कायदा केला. १९७१च्या युद्धानंतर भारताच्या ताब्यात आलेल्या सुमारे ९३ हजार पाकिस्तान्यांत नागरिकही होते. त्यांच्या छावण्यांना समितीचे लोक भेट देत. १९७७च्या पहिल्या पुरवणी करारानं आपल्या माणसाचं काय झालं हे जाणून घेणं हा कुटुंबाचा हक्क आहे, असं साफ शब्दांत लिहिलं. त्यात मात्र भारत सामील नाही.

दुसऱ्या महायुद्धातल्या न सापडलेल्यांसाठी जर्मनीतल्या बाड आरोल्सन या गावात वेगळं शोधकेंद्र उभं राहिलं. ते आज आरोल्सन आर्काइव्ह्ज म्हणून ओळखलं जातं. त्यातल्या नामसूचीत ५ कोटींच्या आसपास कार्डं आहेत आणि ती स्पेलिंगप्रमाणे न लावता उच्चाराप्रमाणे लावलेली आहेत, म्हणजे श्वार्ट्झ कुणी कसंही लिहिलेलं असो, एकाच खणात सापडावं. २००७ पर्यंत हे सगळं संशोधकांना बंद होतं. छळ सोसलेल्यांची खासगी माहिती जपायची, हे कारण दिलं जाई. कारण खोटं नव्हतं, पण साठ वर्षं ते पुरवणं जरा जास्तच झालं.

नावच ठाऊक नसेल तर? १९९४ मध्ये रवांडात हा प्रश्न उभा राहिला. नरसंहारात आणि नंतरच्या पळापळीत आईबापांपासून तुटलेल्या लाखाहून अधिक मुलांची नोंद करावी लागली. रवांडात घराण्याचं आडनाव ही पद्धत नाही; सख्ख्या भावंडांची नावं एकमेकांशी जुळत नाहीत. आणि दोन-तीन वर्षांच्या पोराला आईचं नाव 'आई' एवढंच माहीत. मग छावण्यांमध्ये मुलांचे फोटो फलकांवर लागले आणि बायका त्या फलकांसमोरून चालत गेल्या. बीबीसीनं किन्यारवांडा भाषेत खास प्रसारण सुरू केलं; त्यावर मुलांची नावं वाचली जायची. बोस्नियातल्या युद्धानंतर उलट गोष्ट. तिथे नावं होती, माणसं नव्हती. सामूहिक थडग्यांतून निघालेल्या कपड्यांचे आणि वस्तूंचे फोटो छापून समितीनं पुस्तकं काढली. स्वेटरची वीण, दुरुस्त केलेला बूट, किल्ली. मुलासाठी स्वेटर जिनं विणला तिला तो वळणावरूनच ओळखता येई. आता हे काम बव्हंशी डीएनए करतो.

कार्डं आता सर्व्हरवर आहेत आणि धोकाही तिथे पोचला. कुणीतरी समितीच्या सर्व्हरमध्ये शिरल्याचं जानेवारी २०२२ मध्ये उघड झालं. पाच लाख पंधरा हजारांहून अधिक माणसांची माहिती त्यांच्या हाती लागली. बेपत्ता, कैदेत असलेले, कुटुंबापासून तुटलेले, म्हणजे ज्यांचा पत्ता चुकीच्या माणसाला कळला तर जीव जाऊ शकतो असेच सगळे. समितीला काही काळ शोधाची प्रणालीच बंद ठेवावी लागली. राट संग्रहालयातल्या पेट्यांमधली लाखो कार्डं पळवायला निदान मालगाडी लागली असती.

दोनच महिन्यांनी, मार्च २०२२ मध्ये, रशिया-युक्रेन युद्धासाठी एजन्सीनं स्वतंत्र कचेरी उघडली. दोन्ही सरकारांच्या माहिती कचेऱ्यांच्या मध्ये ती बसते आणि शंभर वर्षांपूर्वीचंच काम करते : एका बाजूनं चौकशी, दुसऱ्या बाजूनं यादी, मध्ये जुळणी. २०२५च्या सुरुवातीला तिच्याकडे बेपत्तांची सुमारे ५० हजार प्रकरणं होती. त्यांतले बहुतेक सैनिक, पण नागरिकही आहेत. यादी हवी तितकी येत नाही, छावण्यांची दारं हवी तितकी उघडत नाहीत, ही तक्रार तीच. ऑक्टोबर २०२३ नंतर हमासनं ओलीस धरलेल्यांना समितीला भेटता आलं नाही आणि इस्रायलच्या कोठड्यांतल्या पॅलेस्टिनी कैद्यांनाही नाही. दोन्हीकडच्या कुटुंबांनी समितीवर राग काढला, आणि तो अनाठायी म्हणवत नाही. दार ठोठावण्यापलीकडे तिच्या हातात काही नाही हे त्यांना कुणीतरी आधी सांगायला हवं होतं.

पहिल्या महायुद्धातली कार्डं २०१४ पासून इंटरनेटवर आहेत आणि कुणीही चाळू शकतो. चालू युद्धातली चौकशी मात्र घरच्यांनीच करायची. भारतात ती भारतीय रेड क्रॉसकडे किंवा समितीच्या दिल्लीतल्या कचेरीकडे करता येते. वकील लागत नाही, पैसे लागत नाहीत. फॉर्मवर आजही बापाचं नाव, आईचं नाव, जन्मगाव, शेवटचं कुठे दिसले, कुणाबरोबर होते, हेच विचारतात. पत्रकाराला, पोलिसाला, शेजाऱ्याला उत्तर मिळत नाही. आणि माणूस सापडला तरी त्याचा पत्ता लगेच घरी जात नाही. आधी त्यालाच विचारतात, कळवू का? बहुतेक हो म्हणतात. जो नको म्हणतो त्याचा पत्ता दिला जात नाही, मग विचारणारी सख्खी आई का असेना.